दुधाच्या हिशेबाशेजारी

कॅलेंडर भिंतीवरून तसंच उचकटून आणलेलं होतं, वरच्या पत्र्याच्या पट्टीसकट. कोल्हापूरच्या उद्यमनगरातल्या एका चहाच्या गाड्यामागं बाकड्यावर ते उताणं पसरलेलं आणि एक बाई त्यावर वाकून बोटानं दिवस मोजत होती. प्रत्येक चौकोनाच्या एका कोपऱ्यात निळ्या शाईत दुधाचा हिशेब, कुठं ‘१’, कुठं ‘अ’ म्हणजे अर्धा लिटर. मधेच सिलिंडर लावल्याची तारीख, पोराची फी. आणि दुसऱ्या कोपऱ्यात बारीक लाल टिकल्या. नवरा शिरोलीला फौंड्रीत कामावर गेला की टिकली, नाही गेला की कोपरा मोकळा. काही चौकोनांत टिकलीच्या जागी गोल काढलेले. फेब्रुवारीपासून मोजत मोजत ती डिसेंबरपर्यंत आली, पिशवीतून नव्या वर्षाचं कॅलेंडर काढून जानेवारी मोजला आणि शेजारी बसलेल्या म्हाताऱ्याला म्हणाली, “दोनशे एकोणीसच होतात ओ मामा. तीनदा मोजलोय मी.” मामा म्हणजे जुने टाइमकीपर. त्यांनी बशीतला चहा संपवला आणि नुसतं म्हणाले, “एकवीस कमी.”

नवऱ्याला कामावरून कमी केलं होतं, आणि तिला कुणीतरी ऑफिसात सांगितलं होतं की वर्षात कामाचे २४० दिवस भरत नसतील तर भरपाई वगैरे काही मिळत नसतं. साडेचार वर्षं एका माणसानं त्याच गेटातून ये-जा केली, आणि त्या सगळ्याचा निकाल एकवीस मोकळ्या कोपऱ्यांवर. ऐकायला हे जितकं सोपं वाटतं तितकं ते नाही आणि जितकं निराशेचं वाटतं तितकंही नाही. पण ते तसं सांगितलं जातं, आणि सांगणाऱ्याचा आवाज इतका ठाम असतो की समोरचा माणूस कॅलेंडर गुंडाळून घरी जातो. कायद्याचं पुस्तक हातात न घेता, एका वाक्यात, चहा पितापिता केस निकालात निघते. ही गोष्ट डोक्यातून जात नाही.

टेम्पररी हा शब्द आपल्याकडं फार मजेशीर वापरला जातो. माणूस सात वर्षं टेम्पररी असतो. त्याचं लग्न टेम्पररी असताना होतं, पोरगी बालवाडीत जाते तेव्हाही तो टेम्पररीच. भट्टीसमोर उभा राहिला की त्याच्या अंगाला बसणारी धग मात्र पर्मनंट माणसाला बसते तेवढीच. कोअर शॉपमधला रेझिनचा डोळ्यांत जाणारा वास, शॉट ब्लास्टिंगचा कान बधिर करणारा आवाज, फेटलिंगला, म्हणजे ओतलेल्या मालाच्या कडा घासायला, ग्राइंडर धरून संध्याकाळी बोटांना येणाऱ्या मुंग्या, यांतलं काहीच मस्टरचा रंग बघून कमीजास्त होत नाही. फरक एकाच ठिकाणी दिसतो, तो म्हणजे ‘ब्रेक’. पाच-सहा महिने झाले की माणसाला सांगायचं, आता पंधरा दिवस येऊ नको. पुन्हा घेताना नवा फॉर्म, नवा नंबर, कधी नव्या ठेकेदाराचं नाव. ब्रेकचा उद्देश गेटावरच्या वॉचमनपासून मॅनेजरपर्यंत सगळ्यांना ठाऊक असतो. महाराष्ट्राच्या १९७१ च्या कामगार संघटना मान्यता आणि अनुचित कामगार प्रथा कायद्याला तो चांगलाच ठाऊक आहे. त्याच्या चौथ्या अनुसूचीतली सहावी बाब जवळजवळ ह्या ब्रेकसाठीच लिहिल्यासारखी आहे: कायम कामगाराचे हक्क मिळू नयेत म्हणून माणसाला वर्षानुवर्षं बदली, नैमित्तिक किंवा तात्पुरता ठेवणं ही अनुचित प्रथा.

आता २४० चं गणित. इथं निम्मी माणसं पहिल्याच पायरीवर चुकतात, कारण ती जानेवारी ते डिसेंबर मोजतात. कायदा कॅलेंडरचं वर्ष बघत नाही. ज्या तारखेला कामावरून कमी केलं त्या तारखेच्या लगेच मागचे बारा महिने मोजायचे. ३१ जानेवारीला कमी केलं तर मागच्या फेब्रुवारीपासून ह्या जानेवारीपर्यंत. म्हणून दोन कॅलेंडरं लागतात, आणि त्या बाईनं ते अगदी बरोबर केलं होतं. भल्या भल्या ऑफिसांतल्या लोकांना ते जमत नाही. दुसरी चूक म्हणजे फक्त घाम गाळलेले दिवस मोजणं. पगारी सुट्टी ही काम केलेल्या दिवसात धरायची, हे सुप्रीम कोर्टानं १९८५ मध्येच सांगून ठेवलंय. एका परदेशी बँकेच्या कामगारांचं प्रकरण होतं, बँक म्हणत होती रविवार धरायचे नाहीत. कोर्ट म्हणालं, ज्या रविवारचा, ज्या सुट्टीचा पगार मिळतो तो दिवस धरायचा. तेव्हा पगाराची स्लीप काढून बघायचं. आठवड्याची सुट्टी बिनपगारी असेल तर ती धरता येत नाही. पण २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट, दसरा, दिवाळी ह्यांचा पगार दिलेला असेल तर ते दिवस आलेच. रीतसर दिलेल्या ले-ऑफचे, म्हणजे काम देता येत नाही म्हणून मालकानं तात्पुरतं घरी बसवल्याचे, दिवसही धरतात. २०१९ आणि २०२१ च्या पुरात शिरोलीजवळ महामार्ग पाण्याखाली गेला, पंचगंगेपलीकडं जायलाच वाट नव्हती. त्या दिवसांची नोंद ‘गैरहजर’ अशी झाली की ‘ले-ऑफ’ अशी, ह्यावर काहीजणांचं पूर्ण वर्ष तरू किंवा बुडू शकत होतं. साखर कारखान्याची तऱ्हा आणखी वेगळी. पट्टा पडला, म्हणजे गळीत हंगाम संपला, की माणूस घरी. म्हणून हंगामी कामात कायम करण्यासाठी २४० ऐवजी १९० दिवसांचा आकडा आपल्याकडच्या जुन्या आदर्श स्थायी आदेशांत, म्हणजे कारखान्यांना घालून दिलेल्या नोकरीच्या नियमांत, होता.

तर त्या कॅलेंडरात पाच पगारी सुट्ट्यांचे कोपरे मोकळे होते. धरले तर दोनशे चोवीस.

अजून सोळा कमी.

पुनर्रचना हा शब्द ह्या गल्ल्यांत अलीकडं जास्त ऐकू येतो. पूर्वी मंदी यायची, ऑर्डर जायची, शिफ्ट बंद व्हायची. आता कारखाना चालू असतो, ऑर्डरही असतात, आणि तरी पुनर्रचना होते. जिथं आठ जण हातानं साचे भरायचे तिथं मोल्डिंगची लाइन येते. फेटलिंग आणि पॅकिंग एकत्र करून ठेकेदाराला देतात. उद्यमनगरातलं जुनं शेड विकून सगळं कागल-हातकणंगले पंचतारांकित वसाहतीत हलवतात. मग एके दिवशी नोटीसबोर्डावर एक तक्ता लागतो. नाव, सध्याचं पद, नवं पद. पर्मनंट माणसांसमोर ‘मल्टिस्किल ऑपरेटर’ वगैरे काहीतरी लिहिलेलं असतं. तक्त्याच्या शेवटच्या दहा-बारा ओळींत नव्या पदाच्या रकान्यात फक्त आडवी रेघ. कुणाला ‘काढलं’ असं कुठंही लिहिलेलं नसतं. कायद्याच्या भाषेत त्या रेघेला ‘कामगार कपात’ म्हणतात, आणि नाव काहीही दिलं तरी ती कपातच राहते. शिस्तभंगाची शिक्षा, स्वतःहून दिलेला राजीनामा, निवृत्ती, करारातली मुदत संपणं असे मोजके अपवाद सोडले, तर मालकानं कोणत्याही कारणानं नोकरी संपवली की ती कपात, हे १९७६ पासून ठरलेलं आहे; करारातल्या मुदतीचा अपवाद तेवढा १९८४ मध्ये घातला गेला.

आणि कपात म्हटली की तिचं एक बिल असतं. १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्यात ते होतं. २१ नोव्हेंबर २०२५ पासून त्या जागी औद्योगिक संबंध संहिता आली, तिच्यातही ते बिल तसंच आहे, उलट एक ओळ वाढलीय. समजा महिना १८,२०० पगार आणि चार वर्षं सात महिने नोकरी. एक महिन्याची लेखी नोटीस, किंवा तिच्या बदल्यात १८,२०० रुपये. प्रत्येक पूर्ण वर्षाला पंधरा दिवसांचा सरासरी पगार, आणि शेवटचा तुकडा सहा महिन्यांहून जास्त असेल तर तेही एक वर्ष धरायचं. म्हणजे पाच वर्षं. इथं हिशेब करणारे हमखास घोळ घालतात. ग्रॅच्युइटीला महिन्याचे २६ दिवस धरून पंधराने गुणतात, कपातीच्या भरपाईला तसं करायचं नाही. तिथं पंधरा दिवस म्हणजे सरळ अर्धा महिना. तेव्हा ९,१०० गुणिले पाच, ४५,५०० रुपये. नव्या संहितेनं घातलेली ओळ म्हणजे पुनर्कौशल्य निधी. शेवटच्या पगाराच्या दरानं आणखी पंधरा दिवसांची रक्कम मालकानं निधीत भरायची आणि ती कपातीपासून पंचेचाळीस दिवसांत कामगाराच्या खात्यावर यायला हवी, म्हणजे आणखी ९,१००. झाले ७२,८००. शिवाय साठलेल्या रजेचे पैसे, आणि त्या आर्थिक वर्षात तीस दिवस काम झालं असेल तर पगाराची मर्यादा बघून बोनसही. तो पुढं दिवाळीला गेटावर जाऊन मागावा लागला तरी हक्काचाच. राहिलेला पगार वेतन संहितेप्रमाणे दोन कामाच्या दिवसांत हातात पडला पाहिजे. नोटीस आणि भरपाई ह्या कपातीच्या आधीच्या अटी आहेत. आधी पैसे मग घरी, असा क्रम. ‘पुढच्या महिन्यात बघू’ म्हणून माणूस घरी पाठवला तर ती कपातच कायद्यात टिकत नाही.

प्रत्यक्षात काय होतं? पाकिटात एका महिन्याचा पगार, एक छापील कागद आणि रेव्हेन्यू स्टॅम्प. कागदावर लिहिलेलं असतं की मी माझ्या घरगुती अडचणीमुळं राजीनामा देत असून माझा सर्व हिशेब मला पावला, माझी कोणतीही तक्रार नाही. गावाकडं आई आजारी असते, पोराची फी थकलेली असते, आणि सही केल्याशिवाय पाकीट मिळणार नाही असं सांगितलं जातं. सही झाली की कपातीचा राजीनामा होतो आणि बिलातल्या सगळ्या ओळी पुसल्या जातात. अशा वेळी निदान सहीच्या वर स्वतःच्या अक्षरात ‘रक्कम हक्क राखून स्वीकारली, राजीनामा दिलेला नाही’ एवढं लिहून तारीख घालावी, आणि कागदाचा मोबाइलवर फोटो काढावा. ते लिहू देत नसतील तर त्याच दिवशी स्पीड पोस्टानं एक साधं पत्र पाठवावं. चार ओळींचं पुरतं. इंग्रजी तर मुळीच लागत नाही.

ह्याहून सफाईदार प्रकार म्हणजे नवं नेमणूकपत्र. पुनर्रचनेत तुम्हाला काढलेलं नाही, उलट नव्या विभागात घेतलंय, अभिनंदन. पगार तोच, कधी पाचशे रुपये जास्त. लोक पगाराचा आकडा वाचतात आणि सही करतात. वाचायची ओळ दुसरीच असते: ‘रुजू दिनांक’. तिथं आजची तारीख पडली की मागची साडेचार वर्षं कागदावरून गेली. आणि त्याखाली ‘मुदत ११ महिने’ असं असेल तर आणखी सावध. ठरावीक मुदतीची नोकरी हा आता संहितेनं मान्य केलेला रीतसर प्रकार आहे. त्यात त्याच कामाच्या कायम माणसाइतका पगार आणि सवलती मिळायला हव्यात, ग्रॅच्युइटीला पाच वर्षं थांबावं लागत नाही, एक वर्षाच्या नोकरीवर प्रमाणात मिळते. हे चांगलंच झालं. पण मुदत संपून नोकरी गेली तर ती कपात धरत नाहीत, म्हणजे नोटीस नाही, भरपाई नाही. जुन्या टेम्पररी माणसाला मुदतीच्या करारावर आणणं हे त्याच्या हातात काहीतरी देऊन त्याच्या खिशातलं त्याहून मोठं काढून घेण्यासारखं होऊ शकतं. सहीच्या खाली ‘मागील सेवा अखंड धरून’ हे तीन-चार शब्द आणि जुनी रुजू तारीख लिहायला पैसे पडत नाहीत. लिहू नको म्हणून समोरचा जितका चिडेल, तितकी त्या शब्दांची किंमत.

कारखानाच विकला गेला किंवा दुसऱ्या कंपनीत सामील झाला तर? तेव्हाही माणसं हवेत लटकत नाहीत. नोकरीत खंड नाही, अटी पूर्वीपेक्षा वाईट नाहीत, आणि पुढं कधी कपात केली तर जुन्या मालकाकडची वर्षंही धरून नवा मालक भरपाई देईल, ह्या तिन्ही गोष्टी असतील तरच बदलीच्या वेळी भरपाई द्यावी लागत नाही. तीनपैकी एक जरी नसली तरी कपात झाल्यासारखी नोटीस आणि रक्कम.

ठेकेदाराकडच्या माणसाची वाट मात्र खरोखर काट्यांची आहे, आणि ती तशी नाही असं सांगणारा खोटं बोलतो. ठेकेदार तीन वर्षांत तीनदा बदलतो, माणूस त्याच मशिनवर, सुपरवायझर कंपनीचा, बूट कंपनीचे, नावाला फक्त स्लीप दुसऱ्याची. ठेका हा निव्वळ देखावा आहे आणि मी खरा कंपनीचाच कामगार, असं म्हणता येतं. पण २००१ मधल्या दोन निकालांनी ही वाट लांब केली. ठेका पद्धतीवर बंदी आली म्हणून माणूस आपोआप कंपनीचा होत नाही, हा एक. दुसरा खास महाराष्ट्रापुरता: कंपनी जर मालक-नोकर हे नातंच नाकारत असेल तर अनुचित प्रथेची तक्रार थेट करता येत नाही, आधी दुसऱ्या वाटेनं नातं सिद्ध करून यावं लागतं. ह्यात वर्षं जातात. एवढी लांबची लढाई ज्याला झेपत नाही त्यानं निदान एक लक्षात ठेवावं. ठेकेदारानं पगार बुडवला तर तो देण्याची जबाबदारी मूळ कंपनीवर येते. ठेकेदाराचा फोन बंद लागतोय म्हणून गप्प बसायचं कारण नाही.

पुरावा कुणी आणायचा, हा खरा प्रश्न. २४० दिवस भरले हे सिद्ध करण्याची जबाबदारी कामगारावर आहे आणि त्याचं नुसतं प्रतिज्ञापत्र पुरत नाही, असं सुप्रीम कोर्टानं २००२ मध्ये म्हटलं. मालकांचे वकील हे वाक्य फार आवडीनं वाचतात. २००५-०६ च्या सुमाराचा दुसरा निकाल ते वाचत नाहीत. त्यात कोर्टानं म्हटलंय की रोजंदारीच्या माणसाकडं नेमणूकपत्र नसतं, स्लीप नसते, हे कुणाला माहीत नाही? त्यानं पिंजऱ्यात उभं राहून साक्ष द्यावी आणि मालकाकडून मस्टर मागवावं. मालकानं मस्टर दडवलं तर परिस्थिती बघून कोर्ट त्याचा अर्थ त्याच्या विरुद्ध लावू शकतं. म्हणून मस्टर मागवण्याचा अर्ज द्यायला विसरणं ही ह्या केसेसमधली सगळ्यात महाग पडणारी चूक. बाकी घरात जे असेल ते गोळा करायचं. पीएफचं पासबुक, त्यात कोणत्या महिन्याला कोणत्या आस्थापनेचा भरणा आहे ते दिसतं. ठेकेदार बदलल्याच्या तारखाही त्यातच सापडतात. ईएसआयचं, म्हणजे कामगार राज्य विम्याचं, कार्ड. बँकेत जमा झालेले पगार. गेटपास, सेफ्टी बूट दिल्याच्या वहीतली सही, ट्रेनिंगचा ग्रुप फोटो. ‘उद्या सेकंड शिफ्टला ये’ असा सुपरवायझरचा व्हॉट्सॲप मेसेज. तो मेसेज असलेला फोन विकू नये, फॉरमॅट करू नये. कोर्टात इलेक्ट्रॉनिक पुराव्याला नव्या साक्ष अधिनियमाप्रमाणे प्रमाणपत्र जोडावं लागतं आणि ते देताना ज्या फोनमधून ते आलं त्याची माहिती द्यावी लागते. स्क्रीनशॉटची झेरॉक्स फिरवून उपयोग नसतो. शाहू मिलचा भोंगा वाजायचा तेव्हा अख्ख्या गावाला कळायचं की शिफ्ट सुटली. आता चेहरा दाखवला की यंत्र टिंग करतं आणि हजेरी कुठल्यातरी सर्व्हरवर जाऊन बसते, ती ज्याची आहे त्यालाच दिसत नाही.

कपातीचा क्रमही मालकाच्या मर्जीवर नसतो. त्या-त्या प्रकारच्या कामात शेवटी आला तो आधी जाईल, हा नियम. तो मोडायचा तर मालकाला कारण नोंदवावं लागतं. म्हणून त्या आडव्या रेघांच्या तक्त्यात नुसतं आपलं नाव शोधू नये. आपल्या नंतर लागलेला कोण राहिलाय ते बघावं. हा तपशील साधा वाटतो पण पुढं तोच तारतो. कारण रोजंदारीच्या माणसाची कपात बेकायदा ठरली तरी हल्ली कोर्ट सहसा एकरकमी भरपाई देतं, कामावर परत घेण्याचा हुकूम क्वचित. मात्र कनिष्ठांना ठेवून ज्येष्ठाला काढलं असेल तर परत घेण्याची बाजू भक्कम होते. आणि कपातीनंतर वर्षभरात तिथं नवीन माणूस घ्यायचा असेल तर आधी काढलेल्याला विचारावं लागतं. गेटावर ‘हेल्पर पाहिजेत’ असा बोर्ड लागला की त्याचा तारखेसह फोटो काढून ठेवावा. बोर्ड दोन दिवसांत उतरतो.

महापालिका, सरकारी दवाखाने, शाळा इथल्या तात्पुरत्या माणसांना लगेच २००६ च्या संविधानपीठाच्या निकालाचं नाव ऐकवलं जातं. मागच्या दारानं आलेल्याला कायम करता येत नाही, विषय संपला. विषय संपत नाही. २००९ मध्ये महाराष्ट्राच्याच एसटीच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टानं सांगितलं की त्या निकालानं औद्योगिक न्यायालयाचे १९७१ च्या कायद्याखालचे अधिकार हिरावले गेलेले नाहीत. २०१६ मध्ये समान कामाला समान वेतन तात्पुरत्यांनाही लागू केलं. आणि डिसेंबर २०२४ मध्ये तर कोर्टानं स्पष्टच म्हटलं की वर्षानुवर्षं नियमित काम करून घ्यायचं आणि त्या जुन्या निकालाची ढाल पुढं करायची हे चालणार नाही. ते प्रकरण होतं झाडलोट आणि बागकाम करणाऱ्यांचं. बाईमाणसाच्या बाबतीत आणखी एक. प्रसूतीसाठी रजेवर असताना पुनर्रचनेत तिचं पद गेलं, करार संपला, असं सांगितलं जातं. बाळंतपणाआधीच्या बारा महिन्यांत ऐंशी दिवस काम झालं असेल तर हक्क तयार झाला, आणि कराराची मुदत मधेच संपली तरी तो संपत नाही, हे २०२३ मध्ये ठरलंय. ऐंशी. इथं २४० मोजत बसू नये.

मोजायचे ते दुसरे दिवस. अनुचित प्रथेची तक्रार घटना घडल्यापासून नव्वद दिवसांत. उशीर माफ होऊ शकतो, पण त्यासाठी वेगळा अर्ज आणि वेगळी कारणं. जुन्या कायद्यात कामावरून काढल्यावर तीन वर्षांत कोर्टाकडं जाता यायचं; नव्या संहितेत समेट अधिकाऱ्यापुढं जायचं तर दोन वर्षांच्या आत. ‘साहेब म्हणालेत दिवाळीनंतर परत घेतो’ ह्या भरवशावर जे नव्वद दिवस जातात त्यांचा हिशेब कुणी कॅलेंडरवर लिहीत नाही. एक गोष्ट मात्र खरंच सोपी झालीय. कामगार न्यायालयाच्या निकालावर पुढं जायचं तर पूर्वी रात्रीची महालक्ष्मी एक्सप्रेस, सकाळी मुंबई, तारीख पडली की परत. एका खेपेत आठवड्याची मजुरी जायची. १८ ऑगस्ट २०२५ पासून हायकोर्टाचं सर्किट बेंच कोल्हापुरातच बसतंय.

चहाच्या गाड्यावर गर्दी वाढली होती. दुपारच्या शिफ्टची पोरं वडापाव बांधून घेत होती. बाईनं कॅलेंडर गुंडाळायला घेतलं तेव्हा मामांनी मधेच हात घातला आणि ऑगस्टच्या पानावर बोट ठेवलं.

“हे गोल कसले?”

“ते व्हय. पायावर रस सांडलाता न्हवं भट्टीवर. घरातच हुता.”

“ईएसआयचं काय मिळालं का?”

“मिळालं की. नव्वद टक्के पगार आला बँकेत.”

मामांनी चष्मा वर सरकवला. कामावर झालेल्या अपघातामुळं माणूस अंथरुणाला खिळला तर ते दिवसही काम केलेल्यांत धरायचे, हे जुन्या कायद्याच्या कलमातच लिहिलेलं होतं. ब्रेक देऊन मधले दिवस मुद्दाम पाडलेत की नाही तो वाद वेगळा, तो लढायला वकील लागतो. ह्या गोलांना वकील लागत नाही. ईएसआयचा अपघाताचा फॉर्म कंपनीनंच भरलेला असतो आणि पैसे आल्याची तारीख बँकेच्या पासबुकात छापलेली.

“मोज बघू ते,” मामा म्हणाले.

बाईनं पान पुन्हा सरळ केलं. गोल ऑगस्टच्या चौथ्या तारखेपासून सुरू होत होते, मधे दोन ठिकाणी दुधाची शाई पसरून टिकलीसारखं दिसत होतं, ते तिनं नखानं खरवडून बघितलं. सतरा. दोनशे चोवीसमध्ये सतरा. ती ओठांतल्या ओठांत पुटपुटली, मग बोट फेब्रुवारीच्या पहिल्या चौकोनावर ठेवलं आणि पुन्हा पहिल्यापासून मोजायला लागली.